पलीकडचं घर

"चल, आता गर्दी नाहीये," हे म्हणाले आणि माझ्या हातातली पिशवी त्यांनी स्वतःकडे घेतली.

फेरीबोट धक्क्याला लागली होती. तिचा लोखंडी उतार सिमेंटवर टेकला होता आणि त्यावरून एक जीप, काही मोटरसायकली आणि डोक्यावर कोळंबीच्या पाट्या घेतलेल्या बायका उतरून येत होत्या. खाडीच्या पलीकडे खारवणे दिसत होतं. माझं माहेर. सुरूच्या झाडांच्या रांगेत जिथे फट आहे, तिथे आमच्या घराची कौलं. त्या घरात माझी आई खुब्याचं हाड मोडून पडून होती. मला फक्त पाव तास बोटीत उभं राहायचं होतं.

मी चालत उतारापर्यंत गेले. लोखंड आणि सिमेंट यांच्यामधल्या फटीत पाणी वरखाली होत होतं. ते दिसलं आणि पाय थांबले. थांबले म्हणजे माझे राहिलेच नाहीत. कानात वारा भरला, तोंडात खारट चव आली. मागचा माणूस "वहिनी, जरा पुढे सरा" म्हणाला, ते कुठूनतरी लांबून ऐकू आलं.

"विनया, माझा हात धर," हे म्हणाले.

मी हात धरला आणि तिथेच, येणाऱ्याजाणाऱ्यांच्या पायांत, खाली बसले.

बोट सुटली. हे माझ्या शेजारी ओल्या सिमेंटवर तसेच बसून राहिले. इकडे, आमच्या तळेबंदरच्या हायस्कूलमध्ये हे विज्ञान शिकवायचे, त्यामुळे धक्क्यावरचा प्रत्येक जण त्यांना 'सर' म्हणून ओळखणारा. कुणी काही विचारलं नाही. सगळ्यांना माहीत होतं.

या गोष्टीला आता पुष्कळ वर्षं झाली. तेव्हा मी तिशी ओलांडली होती. त्याच्या काही वर्षं आधी, माझ्या लग्नाला फार दिवस झाले नव्हते तेव्हा, दसऱ्याला मी खारवण्याला गेले होते. फेरीबोट अजून सुरू झाली नव्हती. परतताना माझा धाकटा भाऊ दिगंबर, आमचा दिगू, मला आमच्या होडीतून इकडे सोडायला निघाला. परतीच्या पावसाचा वारा आला आणि मधोमध होडी उलटली. मासेमारी करणाऱ्यांनी मला काढलं ते या किनाऱ्याला. दिगू नंतर खाली, खाडीच्या तोंडाशी सापडला. मी तेव्हा तापात होते, दवाखान्यात. काकालोकांनी सगळं तिथेच किनाऱ्यावर उरकलं. आईलाही दाखवलं नाही म्हणे. वडील आम्ही लहान असतानाच गेलेले, त्यामुळे घरात आई एकटी उरली.

त्यानंतर मी पाण्यावर पाय ठेवला नाही. वरच्या अंगाला बारा गावं ओलांडून एक पूल आहे. एकदा एसटीने तिकडून जायचा प्रयत्न केला, तर पुलाच्या तोंडाशी मी ओरडून गाडी थांबवली. पूल झाला तरी तो पाण्यावरच असतो.

मी जात नसे म्हणून आई यायची. महिन्यातून एकदा तरी, कोकमं, सुके बांगडे, परसातली पडवळं घेऊन. दुपारी जेवायची, संध्याकाळच्या आत परत. आम्ही सगळ्यावर बोलायचो, दिगूवर सोडून. त्याचं नाव निघालं की माझे हात थरथरायचे, भांडं हातात असलं तर वाजायचं. मग तिने नाव काढणंच सोडलं.

आणि आता ती विहिरीपाशी घसरून पडली होती. शेजारच्या सुमतीकाकू तिचं करत होत्या. फोन केला की आई म्हणायची, "तू नको गो त्रास करून घेऊस. मी बरी आहे." पण खाटेवरून तिला खाडी दिसत नव्हती, हे मला माहीत होतं. एरवी ती घरासमोर खाडीकाठच्या पायरीवर येऊन उभी राहायची आणि मी धक्क्यावर. चेहरे दिसायचे नाहीत, नुसते साड्यांचे रंग दिसायचे. तरी दिसायचे.

यांच्याबरोबर शिकवणाऱ्या एका बाईंनी चिपळूणच्या सोहोनी मॅडमचं नाव सुचवलं. त्यांच्या भाच्याची लिफ्टची भीती मॅडमनी घालवली होती. मेडिकलच्या दुकानावर एक खोली, त्यात वेताच्या खुर्च्या. मॅडम साठीच्या, केस बारीक कापलेले, आवाज एकदम सावकाश. भिंतीवरच्या पाटीवर 'न्यूरो लिंग्विस्टिक प्रोग्रॅमिंग' असं काहीतरी होतं. मी ते वाचत बसलेय हे पाहून त्या म्हणाल्या, "नाव फार मोठं आहे. काम त्या मानाने साधं आहे."

यांना त्यांनी बाहेर बसायला सांगितलं. मग मला विचारलं, "तुम्ही घाबरता कसं?"

"कसं म्हणजे?"

"म्हणजे सगळ्यात आधी काय होतं? काही दिसतं, ऐकू येतं, की अंगात काही होतं?"

आजवर मला सगळ्यांनी 'का घाबरतेस' असंच विचारलं होतं. तेही समजुतीच्या सुरात.

"लाट दिसते," मी म्हणाले.

"केवढी?"

"ही खोली भरेल एवढी."

"लांब की जवळ?"

"नाकापाशी."

"रंगीत?"

"तांबूस. गढूळ."

"ती जरा मागे सरकवून बघा."

मला वाटलं, या माझी थट्टा करतायत. पण त्या गंभीर होत्या. मी डोळे मिटले. लाट होतीच. मी ती मागे ढकलली, मनातल्या मनात, कपाट ढकलावं तशी. ती सरकली. मी दचकून डोळे उघडले.

"परत आली तर?"

"परत आली तर पुन्हा सरकवा. तुमच्याच डोक्यातली आहे ती, तुमचं ऐकेल. आता तिचा रंग काढून टाका. जुन्या फोटोसारखी काळी-पांढरी करा. लहान करा."

बराच वेळ आम्ही हेच केलं. ती मोठी करायची, लहान करायची, जवळ आणायची, खिडकीबाहेर नेऊन ठेवायची. खेळासारखं. एवढी वर्षं जी लाट येईल तेव्हा येत होती आणि मला पाडून जात होती, ती मी सांगेन तिथे थांबत होती. मला रडू येईल असं वाटलं, पण आलं नाही.

मग त्यांनी मला अगदी निर्धास्त वाटलं होतं असा एखादा क्षण आठवायला सांगितला. मला मागची पडवी आठवली. आई माझ्या केसांना तेल लावतेय, ऊन पायांवर पडलंय. "वास येतोय तेलाचा?" मॅडमनी विचारलं. "तिची बोटं जाणवतायत? जेव्हा सगळ्यात जास्त जाणवेल तेव्हा अंगठ्याने मधलं बोट दाबा." पुन्हापुन्हा करून घेतलं. शेवटी नुसतं बोट दाबलं तरी खांदे खाली यायला लागले.

"आता सिनेमा बघायचा," त्या म्हणाल्या. "एका रिकाम्या थिएटरात तुम्ही बसलायत. पडद्यावर त्या दिवशीचा तुमचा फोटो आहे, घरातून निघण्याआधीचा. दिसला? आता खुर्चीतून उठा आणि मागे, मशीनच्या खोलीत जा. तिथल्या काचेतून खाली बघा. खुर्चीत एक विनया बसलीय, ती पडद्याकडे बघतेय. तुम्ही फक्त तिच्याकडे बघायचं."

"आणि मॅडम, तुम्ही?"

"मी इथेच आहे. कुठे जात नाही."

सिनेमा काळा-पांढरा होता. मी काचेमागून बघत होते, त्यामुळे पडद्यावर होडीत बसलेली बाई मला कुणीतरी दुसरीच वाटत होती. तिची मला काळजी वाटली, पण तिची भीती माझ्यात आली नाही. कुठे थांबायचं, असं मॅडमनी आधीच विचारून ठेवलं होतं. मी सांगितलं होतं, दवाखान्यात. जाग आली आणि हे उशाशी बसलेले दिसले, तिथे. तिथवर सिनेमा गेला आणि थांबला.

"आता त्या शेवटच्या चित्रात स्वतः शिरा. रंग येऊ द्या. आणि सगळं उलटं फिरवा, भरभर. घरातून निघण्याआधीपर्यंत."

पहिल्या वेळेला घाम फुटला. मी बोट दाबून धरलं. त्यांनी पुन्हा करायला लावलं, आणि पुन्हा. एका वेळेला मी पाण्यातून उलटी वर आले, होडीत जाऊन बसले, साडी कोरडी झाली, होडी पाठीमागे पाठीमागे आमच्या पायरीला लागली आणि मी उलट्या पावलांनी घरात गेले. मला हसू फुटलं. मग स्वतःचीच लाज वाटून मी तोंडावर पदर धरला.

"हसू आलं तर येऊ द्या," मॅडम म्हणाल्या. "त्याने कुणाचा अपमान होत नाही."

निघताना यांनी दारात उभं राहून विचारलंच, "मॅडम, राग मानू नका. पण हे शास्त्र आहे का?"

"शास्त्राच्या कसोटीवर यातलं बरंच टिकलेलं नाही, सर," त्या सरळ म्हणाल्या. "एका दिवसात आयुष्य बदलून देतो म्हणणारेही यात खूप आहेत, त्यांच्यापासून लांब राहा. मी एवढंच पाहिलंय, की भीती एखाद्या चित्रात अडकून बसलेली असली, तर ते चित्र माणसाला स्वतःच्या हाताने हलवता येतं. एकदा ते हललं की माणूस दुसऱ्यावर अवलंबून राहत नाही. औषधाची गरज दिसली तर मी डॉक्टरांकडेच पाठवते."

परत येताना हे मुद्दाम धक्क्यावरून घेऊन गेले. मी चपला काढल्या आणि उतारावरून खाली गेले. पाणी घोट्याला लागलं. गार होतं. एवढंच. मी वळून यांच्याकडे पाहिलं, तर हे चष्मा पुसत होते.

"उद्या जाऊ या," हे म्हणाले. "मी रजा टाकतो."

पण दुसऱ्या दिवशी मी गेले नाही. घरात पापडांचं पीठ मळलेलं होतं. त्याच्या पुढच्या दिवशी यांच्या मावशी यायच्या होत्या. मग मला सर्दी झाली. मग बाजाराचा दिवस आला. रोज संध्याकाळी मात्र मी धक्क्यावर जात होते, पाण्यात पाय सोडून बसत होते. भीती खरंच गेली होती. ती परत येतेय का, हे मी मुद्दाम शोधून बघितलं, पण ती नव्हती.

एक दिवस जेवताना हे म्हणाले, "तू घाबरत नाहीस. मग आता काय आहे?"

"माहीत नाही."

"आईंना ताप आलाय. सुमतीकाकूंचा शाळेत फोन आला होता."

मी पानावरून उठले. ती खोटी सर्दी, ते पापड, सगळं मलाच असह्य झालं. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने मी एकटीच चिपळूणला गेले. मॅडमना म्हणाले, "तुमचं काम नीट झालंय. लाट येत नाही. पण मी जात नाहीये."

"धक्क्यावर जाता?"

"रोज."

"तिथे उभं राहून काय दिसतं?"

"घर."

"सांगा मला."

"कौलं दिसतात. संध्याकाळी पडवीतला दिवा लागतो, तो दिसतो." मी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "तो दिवा दिगू लावायचा, मॅडम. शाळेत होता तेव्हापासून, ते त्याचंच काम. इकडून बघताना अजून तोच लावतो. तो आत आहे, आईशी वाद घालतोय, जेवायला काय आहे विचारतोय. मी इकडे आहे म्हणून मला दिसत नाही, एवढंच. तिथे गेले की दिवा कोण लावतं ते दिसेल."

हे मी कुणाला कधी सांगितलं नव्हतं. स्वतःलासुद्धा नाही. सांगून झाल्यावर खोलीत खालच्या दुकानातल्या माणसांची बोलणी ऐकू येत राहिली.

मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता त्या पुन्हा डोळे मिटायला सांगतील, त्या घराचा फोटो करायला सांगतील, लांब सरकवायला.

"यासाठी माझ्याकडे काही नाही," त्या म्हणाल्या. "आणि असतं तरी मी ते तुम्हाला दिलं नसतं."

"का?"

"पाण्याची भीती तुम्हाला नको होती, ती आपण काढली. हे तुम्हाला हवं आहे. भाऊ हवा आहे. त्याला आजार कसं म्हणायचं?" मग त्या उठल्या, माझ्या खांद्यावर हात ठेवला. "जाताना हे बरोबर घेऊन जा. जड होईल. पण न्या."

मी गाडीतून उतरले ती घरी गेलेच नाही. तशीच धक्क्यावर गेले. हे शाळेत होते. बोट लागलेलीच होती. खलाशाने मला पाहिलं, माझ्यामागे कोणी आहे का बघितलं आणि कठड्यापाशी जागा करून दिली.

पाण्याकडे माझं लक्षच नव्हतं. मी घराकडे बघत होते. सुरूंची फट रुंद होत गेली. मग इकडच्या किनाऱ्यावरून कधी दिसत नाही ते दिसायला लागलं: विहिरीचा रहाट, वाळत घातलेलं एकच लुगडं, गोठ्याचं खचलेलं छप्पर. आमच्याकडे गोठा पडका कधीच नव्हता. दिगू दर उन्हाळ्यात शाकारायचा. बोटीचं इंजिन बंद पडावं, असं मला वाटलं. तिथेच, मधोमध, थोडा वेळ. पण बोट पुढे जात राहिली, आणि मी कठडा घट्ट धरून रडत राहिले. शेजारी उभी असलेली मासळीवाली म्हणाली, "काय गो बाय, उलटीसारखं होतंय?" मी मान हलवली. तिने तिच्या कमरेची सुपारी काढून माझ्या हातावर ठेवली.

सुमतीकाकू अंगणात होत्या. मला पाहून त्यांच्या हातातलं सूप खाली आलं. "अगो बाई," एवढंच म्हणाल्या आणि बाजूला झाल्या.

माजघरात खाट होती. आई एवढीशी झाली होती. तिने मान वळवून माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या मागे दाराकडे पाहिलं आणि बघतच राहिली.

"एकटीच आलीस?"

"हो. यांची शाळा आहे. रविवारी येतील."

"त्यांचं नाही विचारत गो."

मी खाटेच्या कडेला बसले. ती अजून दाराकडेच बघत होती. कपाळ गरम होतं, पण तापात बोलत नव्हती. आवाज अगदी शुद्धीवरचा होता.

"तो तुला सोडायला गेला," ती म्हणाली. "मी पायरीवर होते. तुम्ही दोघं पाठमोरे गेलात. नंतर मला कुणी काही दाखवलं नाही. मग मी आपली मनाला सांगत आले, पोरगा ताईकडे राहिलाय. तिकडे आहे तो. तुझ्याकडे यायचे ना मी, तर आधी तुझ्या आतल्या खोलीत डोकावायचे."

मला आठवलं. ती आल्या आल्या पिशवी ठेवायच्या निमित्ताने आतल्या खोलीत जायची. दर वेळी.

"कधी बोलली नाहीस, आई."

"तू थरथरायचीस. काय बोलू?"

"मला वाटायचं तो इथे आहे," मी म्हणाले. "पडवीत दिवा लावतोय."

आईने पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. माझा हात चाचपून हातात घेतला. तिचा अंगठा माझ्या मनगटावर फिरत राहिला. हात स्थिर होता, हे तिला कळलं असावं.

"थरथरत नाहीस," ती म्हणाली.

"नाही."

"मग सांग मला. पाण्यात काय झालं ते. मला कुणीच सांगितलं नाही गो."

आणि मी सांगितलं. इतक्या वर्षांत ते माझ्या तोंडून कधी बाहेर पडलं नव्हतं, कारण लाटेच्या पुढे मी जाऊच शकत नव्हते. आता लाट नुसती लाट होती, आणि तिच्या अलीकडे पलीकडे दिगू होता. मी सांगितलं की वारा एकदम आला, शीड उतरवायला तो उठला आणि होडी कलली. आम्ही दोघं वर आलो. होडी पालथी झाली होती, हाताला लागत नव्हती. त्याने एक वल्हं पकडलं आणि ते माझ्या बगलेखाली सारलं. स्वतः माझ्याभोवती पोहत राहिला. डोलकाठी त्याच्या खांद्याला लागली होती, एक हात नीट उचलत नव्हता.

"दुखत होतं त्याला?"

"असेल. बोलला नाही. चेष्टा करत होता."

"चेष्टा?"

"म्हणाला, ताई, भावजींनी घेतलेली साडी गेली कामातून. मी रडत होते म्हणून म्हणाला, रडू नकोस, खाडीत पाणी कमी आहे का?"

आईच्या तोंडून एक आवाज आला. हुंदका होता की हसू, ते मला कळलं नाही.

"आणखी काय म्हणाला?"

"सारखं तेच. वल्हं सोडू नकोस, ताई. तुला काही झालं तर आई मला घरात घेणार नाही."

"मग?"

"मग मोठी लाट आली. त्याच्यानंतर मला त्याचा आवाज आला नाही."

आई आढ्याकडे बघत होती. डोळ्यांतून पाणी कानांकडे उतरत होतं आणि ती ते पुसत नव्हती. बाहेर सुमतीकाकूंनी सूप पुन्हा हातात घेतलं होतं, तांदूळ पाखडल्याचा आवाज येत होता. आईने माझा हात आपल्या छातीवर ओढून घेतला.

"घेतलं असतं गो," ती म्हणाली. "कसाही आला असता तरी घेतलं असतं."